बराकीतलं कॉलेज आणि आपलं विहार



बाबासाहेबांचे वडील रामजी सुभेदार लष्करी शाळेचे हेडमास्तर होते. पलटणीमुळे आपल्या माणसांच्या घरात अक्षर आलं. पुढे इंग्रज सरकारने महारांची भरती बंद केली आणि तेही दार मिटलं.

बाबासाहेबांनी दुसरं दार उघडलं. १९४५ साली पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन केली आणि २० जून १९४६ रोजी मुंबईत सिद्धार्थ कॉलेज सुरू केलं. तेव्हा कॉलेजला स्वतःची इमारत नव्हती. मरीन लाइन्सच्या लष्करी बराकींत वर्ग भरले. जिथे शिपाई राहत, तिथे पोरं पुस्तकं घेऊन बसली. नोकरी करणारे सकाळचे तास करून कामावर जात.

तेव्हा आपलं लोहा निजामाच्या राज्यात होतं. १९४८ साली मराठवाडा मुक्त झाला आणि १९५० साली सोसायटीने औरंगाबादला कॉलेज काढलं. तेच आपलं मिलिंद.

आपल्या हॉलला मात्र वंदना झाली की कुलूप लागतं. एका खोलीच्या घरात दहावीच्या पोरीने अभ्यास कुठे करावा? इथे सतरंजी आहे, दिवा आहे. बाबासाहेब इमारतीसाठी थांबले नाहीत, मग आम्ही कशाला थांबलो आहोत? किल्ली आळीपाळीने एकेका घराने सांभाळू. हॉल रात्री दहापर्यंत उघडा ठेवू.

जयभीम!