पडद्यामागचा आवाज : जून फोरे यांचे जीवनकार्य



ज्या शाळेच्या बाकावर बसून मी ऐकायला शिकले, त्या शाळेने मला बोलायला बोलवावे, हा मी माझा गौरव समजते. बाईंच्या स्मृतिप्रीत्यर्थ होणाऱ्या या व्याख्यानमालेत आजवर साहित्य, इतिहास, संगीत अशा विषयांवर अधिकारी व्यक्तींनी विचार मांडले आहेत. त्या मानाने माझा आजचा विषय काहीसा वेगळा वाटेल. जून फोरे या अमेरिकन अभिनेत्रीविषयी मी बोलणार आहे. त्यांचा चेहरा त्यांच्या देशातही फार थोड्यांनी ओळखला असता. आवाज मात्र तीन पिढ्यांच्या परिचयाचा होता. बाईंच्या स्मरणार्थ हाच विषय का निवडला, ते शेवटी सांगेन.

जून ल्युसिल फोरर यांचा जन्म १८ सप्टेंबर १९१७ रोजी मॅसॅच्युसेट्स राज्यातील स्प्रिंगफील्ड या गावी झाला. वडील ओडेसाहून अमेरिकेत येऊन स्थायिक झालेले ज्यू गृहस्थ होते. वयाच्या बाराव्या वर्षी जून प्रथम एका स्थानिक नभोनाट्यात बोलल्या. पुढे हे कुटुंब लॉस एंजेलिसला गेले आणि विशी गाठण्याच्या सुमारास या मुलीला नभोवाणीवर स्वतःचा बालकार्यक्रम मिळाला. ‘लेडी मेक बिलीव्ह’ हे त्याचे नाव. गोष्टी त्या स्वतः लिहीत आणि स्वतःच सांगत. त्यांची उंची पाच फुटांहूनही कमी होती. रंगभूमीवर किंवा चित्रपटात अशा अंगकाठीच्या नटीला भूमिका मिळणे कठीण. नभोवाणीवर मात्र उंची कोण मोजणार? तेथे त्या राणी होत, चेटकीण होत, पाच वर्षांचा मुलगाही होत.

१९५० च्या दशकात दूरचित्रवाणी घरोघर पोहोचली आणि अमेरिकेतील नभोनाट्याची सद्दी संपत आली. चेहऱ्याचे युग सुरू झाले होते; केवळ आवाजावर जगणाऱ्यांनी जावे कोठे? जूनबाईंनी तीन वाटा धरल्या : मुलांसाठीच्या ध्वनिमुद्रिका, व्यंगचित्रपट आणि ज्या दूरचित्रवाणीमुळे हे संकट आले, ती दूरचित्रवाणीच.

व्यंगचित्रपट, ज्याला आपण सर्रास कार्टून म्हणतो, तो कसा तयार होतो हे येथे थोडे सांगायला हवे. चित्रे आधी काढतात आणि मग कोणीतरी त्यांना आवाज देते, अशी पुष्कळांची समजूत असते. हॉलिवूडमधील रिवाज बहुधा याच्या उलट आहे. संवाद आधी ध्वनिमुद्रित होतात. कोणता उच्चार किती चौकटी टिकतो, याचे कोष्टक मांडले जाते; एका सेकंदाला चोवीस चौकटी असतात. त्या कोष्टकाबरहुकूम चित्रकार ओठ, भुवया आणि हातवारे रेखाटतो. म्हणजे कलावंत बोलतो तेव्हा त्याच्यापुढे ना हलते चित्र असते, ना नेपथ्य, ना प्रेक्षक. हातात कागद आणि समोर मायक्रोफोन, एवढीच सामग्री. जे पात्र अजून हललेले नाही, त्याचा श्वास आधी त्याला घ्यावा लागतो. मग अशा कलावंताला ‘चित्रामागचा आवाज’ म्हणावे, की चित्राच्या आधीचा?

१९५० साली डिस्नेच्या ‘सिंड्रेला’मध्ये जूनबाईंनी ल्युसिफर नावाच्या मांजराला आवाज दिला. संवाद एकही नाही. केवळ गुरगुरणे, फिस्कारणे आणि म्यांव. तरीही त्या मांजराचा दुष्टपणा कानाला कळतो. १९५५ पासून त्या वॉर्नर ब्रदर्सच्या ट्वीटी या पिवळ्या पक्ष्याच्या मालकिणीचा, ग्रॅनीचा, आवाज झाल्या. त्यांच्या आधी ही भूमिका बी बेनाडेरेट या तितक्याच गुणी अभिनेत्रीकडे होती. पण त्या काळच्या वॉर्नरच्या व्यंगचित्रपटांच्या श्रेयनामावलीत आवाजासाठी सामान्यतः एकच नाव झळके, ते मेल ब्लँक यांचे. त्यांच्या करारात तशी तरतूद होती. ब्लँक अलौकिक कलावंत होते, यात शंका नाही. पण त्यांच्याबरोबर त्याच चित्रपटात बोलणाऱ्या इतरांची नावे प्रेक्षकांना कळतच नसत.

१९ नोव्हेंबर १९५९ रोजी दूरचित्रवाणीवर ‘रॉकी अँड हिज फ्रेंड्स’ ही मालिका सुरू झाली. जे वॉर्ड आणि बिल स्कॉट यांची ही निर्मिती. रॉकी ही उडणारी खार आणि तिचा मित्र बुलविंकल हे सांबर एका बाजूला. बोरिस आणि नताशा हे परकीय हेर दुसऱ्या बाजूला. शीतयुद्धाच्या ऐन भरात त्या युद्धाचीच थट्टा करणारी ही मालिका मुलांइतकीच मोठ्यांनाही आवडली. त्यात भोळाभाबडा रॉकी म्हणजे जून फोरे आणि जड परकीय उच्चारांत कारस्थाने रचणारी नताशा म्हणजेही जून फोरेच. फसवणारीही त्याच आणि फसणाराही त्याच. मालिका १९६४ पर्यंत नव्याने येत राहिली, आणि नंतर पुनःप्रक्षेपणांतून कित्येक वर्षे घरोघर ऐकू येत राहिली.

याच काळातील आणखी एक उदाहरण देते. १९६० मध्ये मॅटेल कंपनीने ‘चॅटी कॅथी’ नावाची बोलकी बाहुली बाजारात आणली. पाठीवरची दोरी ओढली की ती लाडिक स्वरात बोले. तो आवाज जूनबाईंचा. तीन वर्षांनी ‘द ट्वायलाइट झोन’ या मालिकेतील ‘लिव्हिंग डॉल’ या भागात एक बाहुली तशाच गोड आवाजात घरातील सावत्र बापाला मारण्याची धमकी देते. तोही आवाज त्यांचाच! स्वरातला गोडवा न सोडता त्यांनी त्यात भय मिसळले. चेहऱ्याचा, डोळ्यांचा कसलाही आधार न घेता असा पालट घडवून आणणे, याला अभिनय नाही तर काय म्हणावे?

आणि तरीही १९६६ साली ‘हाउ द ग्रिंच स्टोल ख्रिसमस’ हा व्यंगचित्रपट दूरचित्रवाणीवर आला, तेव्हा त्यातील चिमुरड्या सिंडी लूला आवाज देणाऱ्या, वयाची पन्नाशी जवळ आलेल्या जूनबाईंचे नाव श्रेयनामावलीत नव्हते. त्यातील गाजलेले गीत गाणारे थर्ल रेव्हन्सक्रॉफ्ट यांचेही नाव नव्हते. पुष्कळांना वाटले, ते गीत निवेदक बोरिस कार्लोफ यांनीच गायिले.

अशा अनुभवातून गेलेला माणूस कडवट होतो किंवा स्वतःपुरते भांडून मोकळा होतो. जूनबाईंनी तिसरा मार्ग पत्करला, आणि माझ्या मते त्यांच्या जीवनाचे खरे मोठेपण तेथे आहे. अ‍ॅनिमेशन कलावंतांच्या ‘असिफा’ या आंतरराष्ट्रीय संघटनेची हॉलिवूड शाखा उभारण्यात त्या अग्रभागी होत्या. या कलेचा सन्मान करणारा स्वतंत्र समारंभ असावा, ही कल्पना त्यांनी मांडली आणि १९७२ मध्ये तो सुरू झाला. तेच आजचे ‘अ‍ॅनी’ पुरस्कार. पहिला मान मॅक्स आणि डेव्ह फ्लायशर या बंधूंना देण्यात आला. हे दोघे कोण? व्यंगचित्रपटाच्या आरंभकाळातील निर्माते. म्हणजे ज्या बाईचे नाव पडद्यावरून गळत होते, तिने पहिला आग्रह धरला तो आपल्या पूर्वसुरींच्या नावांसाठी. पुढे ऑस्कर देणाऱ्या अकादमीच्या नियामक मंडळावर असताना, पूर्ण लांबीच्या अ‍ॅनिमेशनपटाला स्वतंत्र पुरस्कार हवा, यासाठी त्यांनी चिकाटीने प्रयत्न केले. २००२ च्या समारंभात हा पुरस्कार प्रथमच दिला गेला. तो ‘श्रेक’ला मिळाला.

आपल्या इंदुरात २८ सप्टेंबर १९२९ रोजी जन्मलेल्या लता मंगेशकर यांची आठवण येथे येणे अपरिहार्य आहे. १९४९ च्या ‘महल’मधील गीताच्या पहिल्या तबकड्यांवर गायिकेचे नाव नव्हते; ‘कामिनी’ हे चित्रपटातील पात्राचे नाव छापले होते. पुढे पार्श्वगायनाला फिल्मफेअर पुरस्कारांत स्थान हवे, म्हणून लताबाईंनी ठाम भूमिका घेतली आणि १९५९ पासून ते मिळाले. दोन देश आणि दोन कला, पण लढा एकच : आवाजालाही नाव असते.

जूनबाईंचा आवाज उतारवयातही थकला नाही. १९९८ च्या ‘मुलान’मध्ये त्या आजीच्या भूमिकेत बोलल्या. त्याच आजीचे गाणे मात्र मार्नी निक्सन यांनी गायिले. ‘माय फेअर लेडी’त ऑड्री हेपबर्न यांच्यासाठी गाणाऱ्या त्याच या. एका पात्रात अशा दोन अदृश्य स्त्रिया एकत्र आल्या. २०१२ मध्ये, वयाच्या चौऱ्याण्णवाव्या वर्षी, ‘द गारफिल्ड शो’मधील भूमिकेसाठी जूनबाईंना डेटाइम एमी पुरस्कार मिळाला. २६ जुलै २०१७ रोजी, शंभरी पूर्ण व्हायला दोन महिनेही उरले नसताना, त्या निवर्तल्या.

१९८७ साली अमेरिकेत सुरू झालेल्या ‘डकटेल्स’मध्ये मॅजिका ही जादूगारीण त्यांनी रंगवली होती. नव्वदच्या दशकात ही मालिका आपण दूरदर्शनवर हिंदीत पाहिली. त्यामुळे आपल्या मुलांच्या कानी जूनबाई पोहोचल्याच नाहीत. पोहोचले ते हिंदी कलावंतांचे आवाज. त्या कलावंतांपैकी एकाचे तरी नाव या सभागृहात कोणाला आठवते का? मलाही आठवत नाही. अमेरिकेला नावे ठेवण्याचा अधिकार म्हणूनच आपल्याला नाही.

आता बाईंविषयी. मी दहावीत असताना स्नेहसंमेलनात एक पौराणिक नाटक बसवले होते. त्यात आकाशवाणी होते असा प्रसंग होता. ज्या मुलीकडे ते काम होते, तिचा घसा प्रयोगाच्या दिवशी बसला. बाई विंगेत प्रॉम्प्टिंग करीत होत्या. वही खाली न ठेवता त्या आकाशवाणीही बोलल्या. सभागृह स्तब्ध झाले. हा आवाज कोणाचा, असे पालक एकमेकांना विचारू लागले.

शाळेच्या वार्षिक अंकासाठी त्या नाटकाचा वृत्तान्त मी लिहिला. नटांची, रंगभूषेची, नेपथ्याची, पडदा ओढणाऱ्या मुलांचीसुद्धा नावे दिली. बाईंचे नाव द्यायचे राहून गेले. छापण्याआधी तो वृत्तान्त त्यांनीच तपासला. ऱ्हस्वदीर्घाच्या दोन चुका दुरुस्त केल्या, खाली ‘छान’ असे लिहिले आणि कागद परत दिला. मी काय गाळले, हे त्यांच्या ध्यानात आले नसेल, असे मला आजही वाटत नाही. त्या असेपर्यंत याविषयी बोलण्याचा धीर मला झाला नाही.

आज ती चूक दुरुस्त करण्याची संधी या शाळेने दिली. माझी एवढीच विनंती आहे की, यंदाच्या स्नेहसंमेलनाची कार्यक्रमपत्रिका छापाल, तेव्हा विंगेत उभे राहणाऱ्यांची नावेही तीत असावीत. पत्रिकेत जागा पुरली नाही, तर एखादी जाहिरात कमी करावी.