टपावरचा दिवा कशासाठी?

(कापूस व ज्वारी पट्ट्यातून आलेले शेतकरी आणि पिंपरी-चिंचवड, चाकण भागात कामाला असलेली त्यांची मुले यांच्यापुढे सांगवी येथे केलेल्या भाषणाचा मजकूर)



सभा शेतकऱ्यांची आणि विषय पिकअपच्या टपावरचे दिवे, हे ऐकून काही मंडळी हसली. कापसाच्या भावाचे सोडून हे वायरमनचे काम कुठून काढले, असे एकाने विचारलेही. भावाचे आम्ही सोडलेले नाही. पण भाव काट्यावर मिळतो. काट्यापर्यंत माल पोचला पाहिजे आणि माल घेऊन गेलेला माणूस सकाळी घरी परतला पाहिजे. २०२२ या एका वर्षात या देशात रस्त्यांवर १ लाख ६८ हजारांहून जास्त माणसे मेली. त्यांत आपली किती, हे आपापल्या गावात मोजून पाहा. उभ्या गाडीवर मागून आदळून मेलेला एक तरी माणूस प्रत्येक तालुक्याला ठाऊक आहे.

सांगवीतच हे बोलायचे, त्याला कारण आहे. मुळा आणि पवना या दोन नद्यांच्या मधल्या या गावात, आणि इथून भोसरी, चाकणपर्यंत, मराठवाडा-विदर्भाकडची हजारो घरे राहतात. बाप तिकडे कापूस वेचतो, पोरगा इकडे गाडीचे भाग जोडतो. ज्या चाकणच्या कांदा बाजारातून १९७८ पासून शरद जोशींनी आंदोलन उभे केले, ज्याच्या जवळ आंबेठाणला त्यांची कोरडवाहू जमीन होती, त्याच चाकणच्या माळावर आज गाड्यांचे कारखाने आहेत. टाटामोबाईल ही पिकअप १९८८ च्या सुमारास इथे पुण्यातच बनू लागली. जोशींची भाषा वापरायची तर गाडी 'इंडिया'त बनते आणि 'भारता'त चालते. बनवणाऱ्याला रस्ता दिसतो तो कारखान्याच्या फाटकापुढचा, दिव्यांच्या खांबांचा. आपली गाडी रात्री कुठे उभी असते, हे त्याला कोणी सांगितलेलेच नाही.

कुठे उभी असते? खरेदी केंद्राच्या बाहेर, जिनिंगच्या फाटकापासून मागे लागलेल्या रांगेत, डांबरी रस्त्याच्या कडेला, निम्मी चाके रस्त्यावर. पौषातली बारा तासांची रात्र. टोकन उद्याचे, ड्रायव्हर ताडपत्रीखाली झोपलेला. हौद्यात १५ क्विंटल कापूस. २०२५-२६ च्या हंगामाला मध्यम धाग्याचा हमीभाव ७,७१० रुपये धरला, तर १ लाख १५ हजार ६५० रुपयांचा माल. हमीभाव हातात पडतो की नाही ही गोष्ट वेगळी, तिच्यावर दुपारी बोलू. मुद्दा एवढाच, की लाखाचा माल आणि दोन जीव त्या अंधारात उभे असतात, आणि मागून येणाऱ्या ट्रकला त्यांची एकही खूण दिसत नाही. मागचे दिवे चिखलाने माखलेले किंवा कापसाच्या बोदाखाली झाकलेले. कडब्याच्या गाडीची तर गोष्टच नको. पेंढ्या दोन्ही अंगांनी फूटफूट बाहेर आलेल्या, फाळका सोडलेला, त्याच्यावरून कडबा जमिनीला टेकायला आलेला.

आता कायदा काय म्हणतो पाहा. केंद्रीय मोटार वाहन नियम १९८९, त्यातला १०७ क्रमांकाचा नियम खास टपावरच्या दिव्यांचा आहे. मालवाहू गाडीला पुढे वर, उजव्या-डाव्या कोपऱ्यांत दोन पांढरे दिवे हवेत, आणि मागे वर दोन्ही कोपऱ्यांत दोन लाल. रात्री गाडी रस्त्यावर उभी असताना ते पेटते राहिले पाहिजेत. नियम शहाण्या माणसाने लिहिला आहे, कारण धोका उभ्या गाडीला जास्त, हे त्याला कळले होते. पण पुढे सूट आहे. २.१ मीटरपेक्षा जास्त रुंद नसलेल्या गाड्यांना हा नियम लागू नाही. आपली पिकअप त्याहून अरुंद, म्हणून तिला कारखान्यातून हे दिवे येत नाहीत. आणि ज्या मोठ्या गाडीला नियम लागू आहे, तिलाही मागे पूर्ण बांधणीचा हौदा नसेल तर मागच्या दिव्यांची सूट आहे. मोजमाप रिकाम्या गाडीचे घेतले. भरलेली गाडी कोणी मोजली नाही.

कडबा भरला की तीच पिकअप ट्रकाएवढी रुंद आणि उंच होते. यावर सरकारला उपाय सुचला तो दंडाचा. २०१९ च्या दुरुस्तीने माल बाहेर आला तर २० हजार रुपये ठेवले. ज्वारीचा हमीभाव २०२५-२६ ला ३,६९९ रुपये, म्हणजे साडेपाच क्विंटल ज्वारी एका पावतीत गेली. माल बाहेर काढून भरू नये, हे आम्हीही सांगतो. पण दंड घेणाऱ्याने दिवा कधी विचारला नाही.

बरे, आपली तरुण पोरे टपावर काय लावतात? पंधरा-वीस दाण्यांची एलईडीची लांब पट्टी, झोत थेट समोर. नाहीतर नारिंगी रंगाचे पाच छोटे दिवे एका ओळीत. हे पाच दिवे अमेरिकेतून आले. तिकडे ८० इंच किंवा त्याहून रुंद गाडीला कडेचे दोन आणि मधले तीन दिवे कायद्याने लावावे लागतात, म्हणजे लांबून दिसले की समजावे, रुंद गाडी येते आहे. तिकडे ते रुंदीचे माप सांगतात. इकडे शोभा म्हणून विकले जातात. आपल्या नियमात वरचा पुढचा दिवा पांढरा आणि मागचा लाल. पुढे लाल किंवा मागे पांढरा दिसला की नियम १०८ मोडला.

झोताच्या पट्टीबद्दल आम्ही जरा कडक बोलणार आहोत. पाहण्याचा दिवा वेगळा आणि दिसण्याचा दिवा वेगळा. टपावरचा दिवा दुसऱ्याला आपण दिसावे म्हणून असतो. नियम १०६ सांगतो, समोर ८ मीटरवर, जमिनीपासून दीड मीटरवर डोळा असलेल्या माणसाला दिपवणार नाही असा झोत कायम खाली वळलेला पाहिजे. माणसाच्या उंचीवरून फेकलेला झोत समोरच्या मोटारसायकलवाल्याच्या डोळ्यांत जाणारच. तो ताशी ६० किलोमीटरने येत असेल तर सेकंदाला साडेसोळा मीटर काटतो. तीन सेकंद डोळ्यांपुढे अंधारी राहिली की पन्नास मीटर तो आंधळा. तो आंधळा माणूस येऊन पडतो कुणावर? आपल्यावरच. शिवाय धुक्यात, धुळीत वरचा झोत आपल्याच डोळ्यांवर परततो. रात्री शेतात माल भरायला उजेड पाहिजे असेल तर टपाच्या मागच्या अंगाला कामाचा दिवा लावा, त्याचे बटण वेगळे ठेवा आणि गाडी रस्त्याला लागण्याआधी तो बंद करा.

तेव्हा आमचे सांगणे असे. पुढे वर दोन पांढरे, मागे वर दोन लाल, सगळे छोटे एलईडीचे. बल्ब का नको, ते हिशेबाने पाहा. एक बल्ब ५ वॉटचा. गाडीचे स्वतःचे पार्किंगचे दिवे नंबरप्लेटसकट पाच, म्हणजे २५ वॉट. १२ व्होल्टवर सुमारे २ अँपिअर. बारा तासांच्या रात्रीत २५ अँपिअर-तास बॅटरीतून गेले. वर आणखी चार बल्ब जोडले तर ४५ होतात, आणि पिकअपची बॅटरी साधारण ६०-७० ची, तीही जुनी. सकाळी टोकन लागते आणि गाडी ढकलायला माणसे शोधावी लागतात. एलईडी एकेक वॉटचे चार लावले तर रात्रभरात ४ अँपिअर-तास जादा. एवढे कुठलीही धड बॅटरी देते.

दुसरे कारण मोठे आहे, ते आगीचे. कापूस आपण टपाच्या वरपर्यंत भरतो. बल्ब कापसात दबला की त्याची उष्णता बाहेर पडत नाही. त्याहून वाईट म्हणजे पिळून टेप गुंडाळलेला जोड. धक्क्याने टेप सुटतो, ठिणगी पडते आणि कापूस लगेच पेटत नाही, आतल्या आत धुमसतो. काट्यावर उतरवलेल्या गंजीतून काही तासांनी धूर निघाला, तर आग कोणाच्या गाडीतून आली हे सांगता येत नाही आणि भांडण गावभर होते. म्हणून बॅटरीच्या अगदी जवळ ३ अँपिअरचा फ्यूज पाहिजेच. वायरमन म्हणेल, एवढ्याशा दिव्याला फ्यूज कशाला? फ्यूज वायरीसाठी असतो. वायर पत्र्यावर घासून उघडी पडली की फ्यूज उडावा, गाडी जळू नये. वायर तांब्याची, एक चौरस मिलिमीटरची, प्लास्टिकच्या लवचिक नळीतून न्यावी. जोड दाबून किंवा डाग देऊन करावा. पुरवठा पार्किंगच्या दिव्यांच्या बटणावरूनच घ्यावा, म्हणजे ते लावले की हेही लागतात, लक्षात ठेवायला नको.

टपाला भोक पाडावे का? आमचे मत, जमले तर पाडू नये. बहुतेक पिकअपना केबिनच्या मागे, हौद्याच्या पुढच्या अंगाला लोखंडी जाळी असते आणि ती टपाच्या वर येते. तिच्या वरच्या दोन कोपऱ्यांत, पुढच्या बाजूला दिवे बसवा. माल जाळीच्या मागे राहतो, दिवा पुढे. जाळी नसेल, किंवा टपावरच बसवायचे असेल, तर काम सावकाश करा. आधी बॅटरीची ऋण तार काढा. आतले अस्तर उतरवा आणि पत्र्याखालच्या आडव्या पट्ट्या कुठे आहेत त्या पाहा, त्यांत भोक जाता कामा नये. मधून दोन्हीकडे सारखे अंतर मोजा. खुणेवर कागदी टेप लावा म्हणजे ड्रिल घसरत नाही. आधी ३ मिलिमीटरचे भोक, मग मोठे. पत्र्याचा कीस ब्रशने सगळा झाडा. तो टपावर राहिला तर पहिल्या दवातच तांबड्या गंजाचे ठिपके उठतात. भोकाच्या कडा घासून प्रायमर लावा, वर रंग द्या, आणि वाळू द्या. इथे सगळेच घाई करतात आणि दोन पावसाळ्यांत टप कुजतो. वायर जाते तिथे रबराची बांगडी हवी, नाहीतर पत्र्याची धार तिला कापते. दिव्याखाली रबराचा पट्टा आणि सिलिकॉन. ज्या सिलिकॉनला व्हिनेगरसारखा आंबट वास येतो ते घेऊ नका, ते पत्र्याला गंज आणते; दुकानदाराकडे न्यूट्रल मागा. सगळे झाल्यावर अस्तर बसवण्याआधी वरून चार बादल्या पाणी ओता आणि आतून पाहा. नवी गाडी हमीत असेल तर विक्रेत्याकडून आधी लेखी घ्या, की एवढ्याने वायरिंगची हमी जाणार नाही. चुंबकाने चिकटवायचे दिवे मिळतात, ते पहिल्याच खड्ड्यात रस्त्यावर पडतात.

एक खबरदारी कायद्याची. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे नोंदणीत लिहिलेल्या गाडीच्या मूळ रचनेत बदल करता येत नाही, आणि जानेवारी २०१९ मध्ये केरळातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते पक्के केले. चार छोटे दिवे म्हणजे रचना बदलणे नव्हे, असे आम्ही मानतो. पण केबिनवर लोखंडी सांगाडा उभारून त्यावर झोतांची रांग लावाल, तर आम्ही तुमच्या बाजूने भांडायला येणार नाही.

मागच्या दिव्यांचे काय, ते तर कडब्यात बुडतात? युरोपात गाडीमागे जोडायच्या छोट्या ट्रेलरला दिव्यांची सुटी पट्टी बांधतात. तीच आपण करावी. चार फुटांची फळी, दोन टोकांना लाल दिवे, लाल परावर्तक, मध्ये गाडीचा नंबर. फाळक्याजवळ एक सॉकेट बसवायचे, फळीला लांब वायर आणि पिन. माल भरून दोर आवळला की शेवटी फळी बाहेरून बांधायची आणि पिन खोचायची. रिकामी गाडी परतताना फळी केबिनमध्ये. शिवाय परावर्तक टेप, पुढे पांढरा, बाजूला पिवळा, मागे लाल. त्याला वीज लागत नाही, बॅटरी संपली तरी तो काम करतो. बैलगाडीलाही तो लावा. तिला तर दुसरा दिवाच नाही.

आता इथल्या पोरांशी. तुमच्यातले कित्येक वायरिंगच्या जुड्या बांधणाऱ्या कारखान्यांत आहेत, मुलीही आहेत. टपापर्यंत एक वायर आणि फाळक्याजवळ एक सॉकेट कारखान्यातच टाकायला किती खर्च येतो, हे तुमच्याइतके आम्हाला कळत नाही. तो हिशेब मांडून द्या. गाड्यांची मानके ठरवणारी एआरएआय पुण्यातच आहे, १९६६ पासून. रस्ते वाहतुकीची केंद्रीय संस्था, सीआयआरटी, इथून जवळ भोसरीला आहे. दिल्लीला जायची गरज नाही. दोघांनाही आणि पिकअप बनवणाऱ्या प्रत्येक कंपनीला जिल्ह्याजिल्ह्यातून एकच पत्र जाईल. त्यात तीन मागण्या राहतील. २.१ मीटरची सूट मालवाहू पिकअपपुरती काढावी. टपावरच्या दिव्यांची वायर आणि मागचे सॉकेट गाडीबरोबरच यावे. आणि ते येईपर्यंत वर सांगितलेले चार दिवे लावणाऱ्याची अडवणूक होणार नाही, असे लेखी मिळावे. पत्राचा मसुदा या अंकासोबत जोडला आहे. सह्या घेताना नावापुढे गाडी कोणत्या सालची आहे तेही लिहून घ्या.