पडद्यावरची गीतं आणि जुना संगणक

(नभोवाणीवरून प्रसारित झालेल्या भाषणाचा संपादित भाग)



रविवारी सकाळी आमच्या चर्चमध्ये माझी जागा सगळ्यांत मागे, खांबाला लागून असते. पुढे पाळकसाहेब उपासना चालवतात, पेटी-तबल्यापाशी गाणारी तरुण मंडळी बसतात आणि मी मागे संगणकापाशी. गीताचं एक कडवं संपत आलं की कळ दाबायची, म्हणजे समोरच्या पडद्यावर पुढचं कडवं येतं. काम एवढंच. पण कळ क्षणभर उशिरा दाबली तर दीडशे माणसं एकदम गप्प होतात आणि त्यांतली निम्मी मान वळवून मागे बघतात. बँकेत तेहतीस वर्षं नोकरी केली, पण इतक्या जणांनी एकाच वेळी माझ्याकडे कधी पाहिलं नव्हतं.

पूर्वी प्रत्येकाच्या हातात ‘उपासना संगीत’ हे गीतांचं पुस्तक असायचं. रेव्हरंड ना. वा. टिळकांची गीतं आमच्या घराघरांत पाठ असतात, ती यातलीच. पुस्तक आजही आहे. पण म्हाताऱ्या डोळ्यांना बारीक टाइप दिसत नाही, पाहुण्यांकडे पुस्तक नसतं आणि नवी गीतं त्यात नसतात. म्हणून पडदा आला. आधी पारदर्शक कागदांवर लिहून ओएचपीवर दाखवायचो, मग संगणक आला.

तुम्ही विचाराल, साध्या पॉवरपॉइंटमध्ये हे होत नाही का? होतं. पण स्लाइडा एकामागून एक ठरलेल्या क्रमाने जातात, आणि गाणारे तसे जात नाहीत. रंगात आले की ध्रुवपद तिसऱ्यांदा घेतात. पाळकसाहेबांना आयत्या वेळी दुसरंच गीत सुचतं. उपासनेसाठी केलेल्या प्रोग्रॅममध्ये प्रत्येक गीत कडव्यांत तोडून साठवलेलं असतं. एका कळीसरशी ध्रुवपद, पहिले दोन शब्द टाइप केले की गीत हजर. शास्त्रातला अध्याय आणि ओवीचा आकडा दिला की वचन पडद्यावर.

असा एक प्रोग्रॅम आम्ही २००७ साली घेतला. नाव सांगत नाही, कारण त्याच्याविषयी माझी तक्रारही नाही. पैसे एकदाच भरले, विंडोज एक्सपीच्या संगणकावर तो बसवला आणि मंडळीतल्या एका निवृत्त टायपिंगच्या मास्तरांनी त्यात गीतं भरायला घेतली. तीन वर्षांत सहाशेच्या वर गीतं झाली. रोज संध्याकाळी पाच ते सात. मोबदला चहाचा, तोही घरून थर्मासमध्ये आणलेला.

आता यातली खोच सांगतो. तो प्रोग्रॅम इंग्रजीसाठी केलेला होता. त्याला देवनागरी कळायची नाही. युनिकोडमधला मराठी मजकूर त्यात टाकला तर ओळीने नुसती प्रश्नचिन्हं यायची. मग त्या काळी सगळे करायचे तेच मास्तरांनी केलं. इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी अक्षरांची चित्रं असलेला जुना फाँट घेतला. डोळ्यांना मराठी दिसतं, पण संगणकाच्या पोटात साठतात ती इंग्रजी अक्षरं आणि खुणा. फाँट जागेवर आहे तोवर सगळं सुरळीत. फाँट काढला की उरतो निरर्थक अक्षरांचा ढीग. हे फक्त चर्चचं दुखणं नाही. तुमच्या सोसायटीचे जुने ठराव, गावच्या वाचनालयाची यादी, एखाद्या संस्थेची स्मरणिका अशाच फाँटमध्ये अडकलेली असण्याचा संभव आहे. एकदा उघडून बघा.

एक्सपीला सुरक्षेच्या दुरुस्त्या मिळणं ८ एप्रिल २०१४ रोजी बंद झालं. आम्ही त्या संगणकाची इंटरनेटची वायर काढली आणि काम चालू ठेवलं. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये मोबाइलवरून उपासना दाखवायला लागलो. पुढे तरुणांच्या मनात आलं की घरी बसून बघणाऱ्यांनाही चित्राच्या खाली गीताची ओळ दिसावी, आणि गाणाऱ्यांसमोर वेगळा छोटा पडदा असावा. नव्या प्रोग्रॅममध्ये हे होतं. जुन्यात नाही. २०२४ साली पंच कमिटीपुढे विषय आला. एक मुलगा म्हणाला, “काका, हे यंत्र आता संग्रहालयात ठेवा.” सगळे हसले. मास्तर हसले नाहीत.

मी त्या दिवशी जुन्याच्या बाजूने बोललो, आणि माझी कारणं मला अजूनही खोटी वाटत नाहीत. जुना प्रोग्रॅम बोटांना पाठ आहे. रविवारी सकाळी साडेआठला तो स्वतःहून बदलत नाही. मी एका ठिकाणी पाहुणा म्हणून गेलो होतो, तिथे पहिल्या गीताच्या वेळी पडद्यावर अपडेटचं चक्र फिरत होतं आणि पाळकांनी तेवढ्यात एक जास्तीची प्रार्थना करून वेळ निभावून नेली. शिवाय पैसा. बरेच नवे प्रोग्रॅम वर्गणीवर मिळतात. वर्गणी थांबली की पुढचं सगळं अडतं. दानपेटीवर चालणाऱ्या लहान मंडळीला हे दरवर्षी जड जातं. यावर मुलांनी ‘ओपन एलपी’ हा फुकट, खुला प्रोग्रॅम पुढे केला, तेव्हा माझा पैशाचा मुद्दा निकालात निघाला.

पण माझं सगळ्यांत मोठं कारण मी सभेत बोललोच नव्हतो. मास्तरांची सहाशे गीतं नव्यात कशी न्यायची?

करून बघितलं. नव्या प्रोग्रॅमने सगळी गीतं बिनबोभाट आत घेतली, आकडा बरोबर सांगितला आणि काम यशस्वी झाल्याची पाटीही दाखवली. गीत उघडलं तर इंग्रजी अक्षरांचा चिवडा! मग जुना फाँट युनिकोडमध्ये बदलणारं साधन शोधलं. तेही सोपं नसतं, कारण प्रत्येक फाँट बनवणाऱ्याची अक्षरांची मांडणी निराळी. बदल झाला, मराठी दिसू लागलं आणि मास्तरांनी चष्मा पुसून पहिल्याच ओळीवर बोट ठेवलं. ‘ख्रिस्त’ हा शब्द ‘खि्रस्त’ झाला होता.

असं का होतं? जुन्या फाँटमध्ये अक्षरं डोळ्यांना दिसतील त्या क्रमाने साठतात. पहिली वेलांटी आधी, मग अक्षर. युनिकोडमध्ये ती उच्चाराच्या क्रमाने साठतात. आधी अक्षर, मग वेलांटी. म्हणजे बदलताना वेलांटी उचलून पुढे न्यायची. साधं अक्षर असेल तर एक उडी पुरते. जोडाक्षर असेल तर ते पूर्ण ओलांडायला हवं. ‘ख्र’ ओलांडताना ती मध्येच बसली आणि आमच्या प्रभूचंच नाव मोडलं. वृत्तपत्रांच्या जुन्या संकेतस्थळांवर असले शब्द तुम्हीही पाहिले असतील. दुसरी गडबड आपल्या मराठी अर्ध्या ‘र’ची. ‘तारणाऱ्या’ लिहिलेलं ‘तारणार्या’ झालं. गाताना तिथे जीभ अडखळते. शिवाय ‘ल’ आणि ‘श’ हिंदी वळणाचे आले. ते वाचता येतात, पण मास्तरांना मान्य नव्हते. फाँट बदलून आम्ही तेवढं तरी लगेच दुरुस्त केलं.

तिथे माझं मत बदललं. मला वाटत होतं, जुनं यंत्र चालू ठेवलं म्हणजे गीतं जपली. खरं तर ती त्याच यंत्रात कोंडली गेली होती. त्याची हार्ड डिस्क तेव्हा टकटक आवाज करायला लागली होती. म्हणून आता कुणी विचारलं की मी आधी एवढंच विचारतो, तुमच्या प्रोग्रॅममधून सगळी गीतं साध्या युनिकोड मजकुराच्या फाइलमध्ये बाहेर काढता येतात का? येत असतील तर जुनी आवृत्ती वापरा की नवी, घाई नाही. येत नसतील तर आज चांगलं चालतंय यावर विसंबू नका. १४ ऑक्टोबर २०२५ पासून विंडोज १० लाही नेहमीच्या मोफत दुरुस्त्या मिळणं बंद झालं आहे, म्हणजे हा प्रश्न आता कितीतरी ठिकाणी नव्याने उभा आहे. बदल करायचा ठरला तर नाताळ आणि पुनरुत्थानाचा सण टाळून करा, आणि जुनं यंत्र त्याच दिवशी भंगारात देऊ नका.

आम्ही गीतांचे कागद छापले. मास्तर आता ब्याऐंशीचे आहेत, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं आहे. हातात ‘उपासना संगीत’ आणि लाल पेन्सिल घेऊन ते रोज पाच गीतं तपासतात. ज्या मुलाने संग्रहालयाचा विनोद केला होता तोच त्यांच्याकडे जाऊन दुरुस्त्या टाइप करतो. मास्तरांना आपल्याच जुन्या टायपिंगमधल्या काही चुकाही सापडल्या. सतरा वर्षं आम्ही एका कडव्यातला एक शब्द चुकीचा गात होतो म्हणे. कुठला, ते त्यांनी फक्त पाळकसाहेबांना सांगितलं.

साडेचारशेच्या आसपास गीतं झाली आहेत. तोवर टेबलावर दोन्ही संगणक आहेत. पाळकसाहेब गुरुवारी गीतांची यादी देतात, आणि त्यात न तपासलेलं गीत असेल तर तेवढ्यापुरती प्रोजेक्टरची केबल जुन्या यंत्राला लावतो. येत्या रविवारच्या यादीत असं एक गीत आहे. म्हणून शनिवारी संध्याकाळी जाऊन एकदा केबल लावून बघणार आहे.