एटीकेटी लागली म्हणून मुलीला घरी बसवू नका



कॉलेजचा निकाल लागला की घराघरांत एक शब्द ऐकू येतो, 'एटीकेटी'. आज त्याबद्दलच बोलू या.

आमच्या बचत गटातल्या एका ताईची मुलगी बी.एस्सी.च्या पहिल्या सेमिस्टरला दोन विषयांत नापास झाली. घरातून कॉलेजात गेलेली ती पहिलीच. वडील म्हणाले, "झालं तेवढं पुरे. आता स्थळ बघू." ताई बैठकीत रडली. खरं सांगतो, आमच्यातल्याही दोघी-तिघी म्हणाल्या, "पोरगी नापास झाली, तर बापाचं काय चुकलं?"

मग आम्ही तिघी मायलेकींसोबत कॉलेजात गेलो, तिच्या मॅडमना भेटलो. तेव्हा कळलं, एटीकेटी म्हणजे राहिलेला विषय पुन्हा देत पुढे शिकायची परवानगी. किती विषय राहिले तर चालतात, हा नियम विद्यापीठागणिक वेगळा असतो. तो कॉलेजातच विचारायचा, शेजारीपाजारी नाही.

मॅडमनी मुलीला विचारलं, "कशात अडलं?" ती हळूच म्हणाली, "पहिला तास साडेसातचा. आपली एसटी पोचते साडेआठला." जे तास बुडत होते, तेच विषय राहिले होते. हे आम्ही कुणीच तिला विचारलं नव्हतं. सगळ्यांनी फक्त गुण पाहिले.

त्या दिवशी ठरलं ते असं: बुडालेल्या तासाची वही मैत्रिणीकडून त्याच दिवशी घ्यायची. मागच्या वर्षांच्या प्रश्नपत्रिका लायब्ररीतून मिळवून सोडवायच्या. अडलं की सरांना-मॅडमना विचारायचं, लाजायचं नाही. आणि परीक्षेच्या महिन्यात घरचं पाणी, भांडी, धुणं तिच्या एकटीवर टाकायचं नाही. हे शेवटचं काम आपलं, बरं का!

आणखी तीन गोष्टी ध्यानात ठेवा. पेपर चांगला गेला असूनही गुण कमी वाटले, तर उत्तरपत्रिकेची प्रत मागता येते, फेरतपासणीचा अर्ज करता येतो. पण मुदत थोडे दिवसच असते. शिष्यवृत्तीचा महाडीबीटीवरचा अर्ज दरवर्षी भरावा लागतो, म्हणून उत्पन्नाचा दाखला आणि आधार जोडलेलं बँक खातं आधीच तयार ठेवा. आणि अगदीच कॉलेज सुटलं, तरी नाशिकचं यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठ 1989 पासून घरी राहून शिकणाऱ्यांसाठीच आहे.

"पुढे काय?" हा प्रश्न शेवटच्या वर्षासाठी ठेवू नका. दुसऱ्या वर्षातच मुलीला सांगा, वरच्या वर्गातल्या मुली कुठे गेल्या ते विचारून ये. कुणी बी.एड. केलं असेल, कुणी एम.एस्सी.ला गेली असेल, कुणी बँकेच्या परीक्षा देत असेल. एमपीएससीची राज्यसेवा परीक्षाही कुठल्याही पदवीवर देता येते. पण एकाच परीक्षेवर सगळी वर्षं लावू नका. सोबत दुसरी वाट हवीच.

त्या मुलीचा एक विषय लगेच सुटला. दुसरा तिसऱ्या खेपेला सुटला. आता ती दुसऱ्या वर्षाला आहे आणि स्थळाचा विषय वडिलांनीच बाजूला ठेवलाय.

तेव्हा मैत्रिणींनो, निकालाच्या दिवशी "किती पडले?" असं विचाराल, तेव्हा "कुठे अडलं?" हेही विचारा.