बीच: पातळ सालीचा महावृक्ष



मुंबई-पुण्याच्या जुन्या इराणी हॉटेलात ज्या खुर्चीवर बसून तुम्ही बनमस्का खाल्ला असेल, ती खुर्ची आठवा. गोल बैठक, काळपट रंग आणि पाठीला वाकवलेल्या लाकडाची कमान. या घाटाची मूळ खुर्ची मिखाएल थोनेट यांनी १८५९ साली बाजारात आणली. ‘चौदा नंबर’ हेच तिचं नाव. लाकडाचे सहा तुकडे, दहा स्क्रू आणि दोन नट, एवढ्यावर ती उभी राहते. एक घनमीटर पेटाऱ्यात सुट्या केलेल्या छत्तीस खुर्च्या मावत, म्हणून ती बोटींवर चढून जगभर गेली. लाकूड वाफेवर मऊ करायचं आणि साच्यात वाकवायचं, हे तिचं तंत्र. इतकं वाकूनही जे तडकत नाही, ते लाकूड बीचचं. थोनेट यांनी आपला कारखाना मोरावियात कोरिचनी गावी थाटला, तोही बीचची रानं जवळ होती म्हणून. आजही आपल्याकडे फर्निचरच्या बाजारात ‘स्टीम बीच’ मागितलं की युरोपातून आलेलं हेच लाकूड पुढे येतं. ऑस्ट्रियातली लेंझिंग कंपनी ‘मोडल’ नावाचा जो मऊ धागा बनवते, तोही बीचच्या लगद्यापासूनच.

लाकूड असं आपल्या घरापर्यंत आलं, झाड मात्र आलं नाही. भारताच्या रानात बीच उगवत नाही. त्याला खरा हिवाळा लागतो, महाबळेश्वरची थंडी त्याला पुरायची नाही. हिमालयातला बांज, म्हणजे तिथला ओक, हा त्याच्या कुळातला. आपल्या करंजाला इंग्रजीत ‘इंडियन बीच’ म्हणतात खरं, पण करंज शेंगांच्या कुळातला आहे, त्याचं या झाडाशी काही नातं नाही.

तरीही आज मी या झाडाविषयी बोलणार आहे. एक कारण असं, की इंग्लंडात, जर्मनीत, न्यू जर्सीत मराठी कुटुंबं घरं घेऊन राहिली आहेत, आणि त्यातल्या कित्येकांच्या परसात आधीच्या मालकाने किंवा त्याच्याही आजोबाने लावलेला बीच उभा आहे. दुसरं कारण, मला हे झाड फार प्रिय आहे आणि सध्या ते संकटात आहे.

बीच ओळखायचा तो सालीवरून. बहुतेक झाडांचं खोड जाड होत गेलं की जुनी साल फाटते, तिच्या भेगा पडतात, खपल्या निघतात. बीच आपली पहिली साल जन्मभर सोडत नाही. खोड वाढेल तशी तीच साल ताणत, वाढत राहते. म्हणून दोनशे वर्षांच्या बीचचं खोडही राखाडी आणि गुळगुळीत असतं, हात फिरवावासा वाटतो. पण याच सालीमुळे तो हळवाही आहे. साल पातळ असते, झालेली जखम पुसली जात नाही. प्रेमिकांनी कोरलेली नावं पन्नास वर्षांनी आणखी रुंद होऊन दिसतात, आणि त्या प्रत्येक अक्षरातून बुरशीला वाट मिळते. शेजारचं मोठं झाड तोडलं आणि आजवर सावलीत असलेल्या खोडावर एकदम ऊन आलं, तर साल भाजून निघते.

जे सालीचं, तेच मुळांचं. तीस-पस्तीस मीटर उंचीचं झाड, पण अन्नपाणी शोषणारी बारीक मुळं बरीचशी मातीच्या वरच्या थरातच पसरलेली. जुन्या बीचखाली चाललं की ती पायाला लागतात. वर एवढा पसारा आणि खाली इतकी उथळ पकड. बीच कुठे लावावा, कसा जपावा, कशाने मरतो, या सगळ्यांची उत्तरं पातळ साल आणि उथळ मुळं या दोन गोष्टींत आहेत.

बीचच्या जाती जगात दहा ते तेरा, शास्त्रज्ञ जसे मोजतील तशा. सगळ्या उत्तर गोलार्धात. युरोपीय बीच इंग्लंडच्या दक्षिणेपासून कार्पेथियन डोंगरांपर्यंत आणि खाली सिसिलीपर्यंत पसरला आहे. स्लोव्हाकिया आणि युक्रेनमधल्या त्याच्या आदिम अरण्यांना २००७ साली युनेस्कोने जागतिक वारसा मानलं. आता त्या यादीत अठरा देशांतली बीचची रानं आहेत. मे महिन्यात ही रानं पाहावीत. कोवळ्या पानाच्या कडेला रेशमी लव असते, पान इतकं पातळ की ऊन त्यातून गाळून येतं आणि अख्खं रान हिरव्या प्रकाशाने भरतं. महिनाभरात पानं निबर होतात, सावली दाट होते आणि खाली फारसं काही उगवत नाही. उगवतं ते बहुधा बीचचंच रोप. तेवढ्या सावलीत वर्षानुवर्षं तग धरायची आणि वर जागा झाली की झेप घ्यायची, हे त्याला जमतं.

अमेरिकन बीचचं पान जास्त लांब, शिरा अधिक आणि प्रत्येक शिरेच्या टोकाला स्पष्ट दाता. युरोपीय पानाची कड नुसती लाटेसारखी असते. पण मोठा फरक जमिनीखाली आहे. अमेरिकन बीच मुळांतून धुमारे काढतो, आणि एका झाडाभोवती त्याच झाडाची राई उभी राहते. हिरवळीवर एकटा उभा करायला तो तितकासा सोयीचा नाही, रानाच्या कडेला मात्र शोभतो. त्याच्या तिकोनी, तेलकट बियांवर एके काळी प्रवासी कबुतरांचे आभाळ झाकणारे थवे पोसले जात. त्यांतलं शेवटचं पाखरू १९१४ साली सिनसिनाटीच्या प्राणिसंग्रहालयात मेलं. बीच दरवर्षी सारखं फळत नाही. चार-सहा वर्षांत एकदा सगळं रान एकदम लगडतं, उंदीर-डुकरांनी पोटभर खाऊनही बी शिल्लक राहतं, आणि त्या उरलेल्या बियांतून पुढची पिढी येते.

पौर्वात्य बीच कॉकेशस, उत्तर तुर्कस्तान आणि इराणच्या कॅस्पियन किनाऱ्यावरचा. युरोपातले उन्हाळे कडक होऊ लागल्यापासून जर्मन वनतज्ज्ञ या जातीकडे आशेने पाहत आहेत. जपानी बीच बर्फाळ डोंगरांतला. त्याचं शिराकामी हे अरण्य १९९३ पासून जागतिक वारसा आहे. चीन, तैवान आणि मेक्सिकोतही जाती आहेत, पण बागेत लावायला मिळतो तो बहुधा युरोपीय बीचच.

आणि या एका जातीतून माळ्यांनी किती रूपं जपली आहेत! तांबडा बीच सर्वांना ठाऊक. रानात निसर्गतःच अधूनमधून जांभळ्या पानांचं रोप निघतं, त्याची ही संतती. बी पेरलं तर सगळीच रोपं तांबडी निघत नाहीत, गडद रंग हवा असेल तर कलमच घ्यावं लागतं. माझं मत विचाराल तर मोठ्या बागेत तांबडा बीच एक पुरे. उन्हाळ्यात तो जवळजवळ काळा दिसतो आणि सगळी नजर स्वतःकडे ओढून घेतो. दोन लावले की बाग उदास होते. त्याला मागे फिक्या हिरव्या झाडांचा पडदा द्यावा आणि मावळतीचं ऊन पानांआडून दिसेल अशी जागा द्यावी. पानांना नेच्यासारख्या चिरा असलेला प्रकार मला जास्त आवडतो. लांबून तो बीच वाटतच नाही, जवळ गेल्यावर सालीवरून खूण पटते.

जागा अरुंद असेल त्यांच्यासाठी डॉइक बीच. सुमारे १८६० साली स्कॉटलंडमधल्या डॉइक इथल्या रानात सुरूसारखं सरळ वर जाणारं एक झाड सापडलं, त्याच्या कलमांतून हा प्रकार पसरला. लहान अंगणात बीच लावायचाच असेल तर मी हाच सुचवेन.

झुकत्या फांद्यांचा बीच मात्र मोकळं मैदानच मागतो. न्यूयॉर्कमध्ये फ्लशिंग भागात सॅम्युअल पार्सन्स या रोपवाटिकाकाराने १८४७ साली बेल्जियमहून आणलेलं एक रोप लावलं. त्याचं इतकं मोठं झाड झालं, की १९६६ साली शहराने त्याला ऐतिहासिक वास्तूसारखा दर्जा दिला. हे झाड १९९८ साली मेलं. पण त्याच्या फांद्या जमिनीला टेकून मूळ धरत गेल्या होत्या, आणि त्यांतून वाढलेली झाडं त्या जागेभोवती कडं करून उभी राहिली.

झाडाला जागा नसलेल्यांनी बीचचं कुंपण करावं, आणि इथे मी अजिबात हात आखडता घेणार नाही, कारण थंड देशांत याच्याइतकं देखणं जिवंत कुंपण दुसरं नाही. छाटलेला आणि लहान वयाचा बीच आपली वाळलेली पानं हिवाळाभर सोडत नाही. बर्फ पडलेला असताना तांबूस पानांची भिंत उभी असते, आणि वसंतात नव्या कळ्या फुगल्या की जुनी पानं गळतात. स्कॉटलंडमध्ये पर्थशरला मीकलावर इथे १७४५ साली लावलेलं कुंपण आज सुमारे तीस मीटर उंच आणि ५३० मीटर लांब आहे. गिनेस बुकात ते जगातलं सर्वांत उंच कुंपण म्हणून नोंदलं आहे. ते लावणारे रॉबर्ट मरे नेर्न पुढच्याच वर्षी कलोडेनच्या लढाईत पडले. घरगुती कुंपणाला मीटरभरात चार-पाच रोपं पुरतात. छाटणी ऑगस्टमध्ये करावी. म्हणजे छाटल्यावर आलेली थोडी पालवी हिवाळाभर टिकते.

जुन्या काळी इंग्लंडात बीच माणसाच्या डोक्याच्या वर खांडत आणि त्याला फुटलेल्या फांद्या दर काही वर्षांनी सरपणाला नेत, आपल्या कोकणात राबासाठी कवळ तोडतात तसंच. लंडनजवळच्या बर्नम बीचेस इथे असे शेकडो वर्षांचे पोकळ, गाठाळ बीच आहेत. हे रान १८८० साली लंडन महापालिकेने विकत घेऊन लोकांसाठी राखलं. खांडलेला बीच न खांडलेल्यापेक्षा जास्त जगतो.

आता लावणीविषयी. इंग्लंडात नोव्हेंबर ते मार्च, झाड झोपेत असताना, उघड्या मुळांची रोपं स्वस्तात मिळतात. जमीन चुनखडीची असली तरी चालते, पण पाण्याचा निचरा हवाच. चिकण, पाणी साचणारी जमीन असेल तर बीचचा हट्ट सोडावा आणि हॉर्नबीम लावावा. लांबून दोघे सारखेच दिसतात, आणि हॉर्नबीम ओल सोसतो. खड्डा खोल नको, रुंद हवा. बुंधा जिथे मुळांकडे रुंदावतो तो भाग मातीच्या वर दिसलाच पाहिजे. पहिली दोन-तीन वर्षं उन्हाळ्यात पाणी द्यावं. खाली पानांचं आच्छादन पसरावं, पण बुंध्याला चिकटवू नये. झाडाखाली हिरवळ वाढवण्याचा नाद सोडावा. सावलीत ती वाढणार नाही, आणि तिच्यासाठी केलेली खोदाई मुळं तोडेल. बीचची पडलेली पानं त्याच्याच पायाशी राहू द्यावीत.

जुन्या झाडाचं घर घेतलं असेल तर घराची वाढ, गाडीचा रस्ता, फरसबंदी यांच्या आधी झाडाचा विचार करा. फांद्यांच्या छायेखाली एकदा जड यंत्र फिरलं की माती दबते, आणि त्याचा परिणाम पाच-सात वर्षांनी शेंडा वाळताना दिसतो. बुंध्याशी शरदात मोठ्या तपकिरी पाकळ्यांसारखी बुरशी दिसली, तर मुळं कुजत असल्याची ती खूण आहे, झाडांचा जाणकार बोलवायलाच हवा. ब्रिटनमध्ये करड्या खारी तरुण झाडांची साल सोलून खातात. आणि २०१८ च्या अवर्षणाने जर्मनीतले कित्येक मोठे बीच वाळवले, कारण उथळ मुळांच्या खालची ओल त्यांना गाठता आली नाही.

अमेरिकेतलं संकट याहून गहिरं आहे. युरोपातून आलेली एक खवलेकीड १८९० च्या सुमारास नोव्हा स्कोशियात हॅलिफॅक्सला पोचली. ती सालीत सोंड खुपसते आणि त्या छिद्रांतून बुरशी आत शिरते. गुळगुळीत साल फोडांनी भरते आणि झाड हळूहळू मरतं. एवढं कमी होतं म्हणून की काय, २०१२ साली ओहायोत पानांचा नवाच रोग दिसला. त्यामागे डोळ्यांना न दिसणारा सूत्रकृमी आहे. तो कळीत हिवाळा काढतो, आणि पान उमलण्याआधीच बिघडलेलं असतं. न्यूयॉर्क, न्यू जर्सी, कनेटिकट, सगळीकडे हा रोग पोचला आहे आणि युरोपीय बीचलाही तो होतो. कोवळी झाडं काही वर्षांतच जातात.

म्हणून तिकडच्या श्रोत्यांना माझं सांगणं वेगळं आहे. नवा बीच सध्या लावू नका, दुसरं झाड निवडा. पण जुना असेल तर त्याच्यासाठी झगडा. मे-जूनमध्ये झाडाखाली उभे राहून पानांतून वर आभाळाकडे पाहा. दोन शिरांच्या मधे गडद हिरवे पट्टे दिसले तर समजा रोग आला. त्या पानाचा फोटो आपल्या राज्याच्या वनविभागाला पाठवा आणि परवानाधारक वृक्षतज्ज्ञाला विचारा. फॉस्फाइटसारख्या औषधांचे प्रयोग चालू आहेत, आणि लवकर लक्ष गेलेल्या झाडांना त्यांचा उपयोग होताना दिसतो आहे. रोगट फांद्या किंवा रोपं एका गावातून दुसऱ्या गावात नेऊ नका.