थोड्या सुकटीचा दाट रस्सा



आपला परभणी जिल्हा समुद्रापासून लांब. कोकणातल्या बायका नारळाचे दूध काढून कालवण दाट करतात. आपल्याकडे नारळ देवापुढे फोडायचा, मग एकेक तुकडा साऱ्यांना वाटायचा. पण बाजारात सुकट मिळते आणि घरात शेंगदाणे असतात. तेवढ्यावर भागते.

पाच माणसांना वाटीभर सुकट पुरे. ती आधी सुपात पाखडावी, नाहीतर रेती दाताखाली येते. कोरड्या तव्यावर भाजून कोमट पाण्यात दोनदा धुवावी. मूठभर शेंगदाणे व दोन चमचे तीळ भाजून, तासभर भिजवून, पाट्यावर गंधासारखे वाटावे. घाई केली की रस्सा रवाळ होतो. कांदा, लसूण, तिखट तेलात परतून सुकट घालावी, मग वाटण व गरम पाणी. चमचाभर येसराचे पीठ थंड पाण्यात कालवून लावावे. कोरडे टाकले तर गुठळ्या होतात. चिंचेचा कोळ शेवटी, आणि मीठ चाखूनच, सुकट मुळात खारट असते. दूध घालू नये. चिंचेने ते फाटते, शिवाय मासळी-दूध आपण एकत्र करीतच नाही.

येलदरीचा किंवा गोदावरीचा ताजा मासा मिळाला तरी हेच वाटण चालते; तुकडे मात्र शेवटी सोडावेत.

आणखी एक. मासळी पुरुषांच्या व मुलांच्या ताटात जाते, वाढणारीला पातेल्यातले पाणी उरते. या रश्शात दाणे-तीळ असल्याने भाकरी चुरून जेवले तरी पोटाला आधार होतो. तरीही अलीकडे मी माझी वाटी आधीच बाजूला काढते. सासूबाई पहिल्यांदा बोलल्या. आता त्याच आठवण करतात.