स्वतंत्र मजूर पक्ष : सहा वर्षं टिकलेला, पण विसरू नये असा पक्ष

आज एका छोट्या पक्षाबद्दल बोलूया. बाबासाहेब म्हटलं की आपल्याला संविधान आठवतं, महाडचं चवदार तळं आठवतं. पण बाबासाहेबांनी काढलेला पहिला राजकीय पक्ष कोणता, असं विचारलं तर बरेच जण अडखळतात. तो होता स्वतंत्र मजूर पक्ष. स्थापना ऑगस्ट १९३६.

आता नाव नीट ऐका. त्यात जात नाही, ‘मजूर’ आहे. भूमिहीन कुळं, छोटे शेतकरी, गिरणी कामगार, सगळ्यांना एका झेंड्याखाली आणायचं, असा विचार होता. अनंतराव चित्रे, शामराव परुळेकर यांच्यासारखे सवर्ण कार्यकर्तेही पक्षात होते.

१९३७ च्या निवडणुकीत मुंबई प्रांतात पक्षाने १७ उमेदवार उभे केले आणि १४ निवडून आले! पक्षाचं वय तेव्हा जेमतेम सहा महिने. स्वतः बाबासाहेबांसमोर काँग्रेसने कोणाला उभं केलं माहितीये? पी. बाळू. १९११ चा इंग्लंड दौरा गाजवणारे दलित समाजातले मोठे स्पिनर. तरी बाबासाहेब जिंकले.

निवडून येऊन केलं काय? सप्टेंबर १९३७ मध्ये खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं. खोत म्हणजे कोकणात सरकारसाठी सारा गोळा करणारा मधला माणूस. सरकारला ठरलेली रक्कम द्यायची आणि कुळाकडून जास्त उकळायचं. वर वेठबिगार वेगळीच. जानेवारी १९३८ मध्ये हजारो शेतकरी मुंबईत विधिमंडळावर मोर्चा घेऊन आले. तरीही ते विधेयक पास झालं नाही. खोती गेली ती पुढे १९४९ च्या कायद्याने.

मग १९३८ मध्येच काँग्रेस सरकारने औद्योगिक कलह विधेयक आणलं. आधी तडजोडीची लांबलचक प्रक्रिया, ती न पाळता संप केला तर थेट तुरुंग. बाबासाहेबांचा मुद्दा सरळ होता : काम करायला नकार देणं हा गुन्हा ठरवला, तर माणसाला गुलाम करण्यात आणि यात फरक काय? ७ नोव्हेंबर १९३८ ला मुंबईत मोठा संप झाला. एरवी ज्यांच्याशी त्यांचं पटत नसे, ते कम्युनिस्टही त्या दिवशी बरोबर होते.

पटत का नसे? गिरणीत विणकाम खात्यात पगार चांगला. पण तिथे धागा तोंडाने ओढावा लागायचा, म्हणून अस्पृश्य कामगाराला त्या खात्यात घ्यायचेच नाहीत. अडवणारे नुसते मालक नव्हते, शेजारी उभे राहणारे कामगारही होते! म्हणूनच फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडला रेल्वे कामगारांच्या परिषदेत बाबासाहेबांनी दोन शत्रू सांगितले : ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही. एकाशी लढून भागणार नाही. माझ्या मते पक्षाचं सगळं सार इथेच आहे.

शेवट मात्र लवकर आला. १९४२ साली क्रिप्स योजना आली. सत्तेच्या वाटाघाटी आता जाती-धर्माच्या गटांप्रमाणे होणार, हे दिसू लागलं. ‘मजूर’ या नावाने दलितांची बाजू तिथे मांडता येईना. जुलैमध्ये नागपूरला शेड्यूल्ड कास्ट फेडरेशन उभं राहिलं आणि स्वतंत्र मजूर पक्ष मागे पडला.

मग फसला का हा प्रयोग? मतांच्या हिशेबात म्हणाल तर हो. पण त्याने विचारलेला प्रश्न तसाच आहे. मी स्वतः आयटीत आहे. आम्ही स्वतःला ‘कामगार’ म्हणत नाही, ‘प्रोफेशनल’ म्हणतो. पार्सल आणून देणारा मुलगाही ‘पार्टनर’ असतो. आणि गटारात कोणाला उतरावं लागतं, हे आजही बहुतेक वेळा जातच ठरवते. सगळे कष्टकरी एक आहेत असं म्हणणं सोपं आहे, पण शेजारच्याला धाग्याला हात लावू देणार का, हे आधी सांगावं लागतं.

तुमच्या घरात कोणी गिरणीत किंवा रेल्वेत होतं का? त्यांना त्या दिवसांबद्दल विचारा आणि आम्हाला कळवा. भेटूया पुढच्या एपिसोडमध्ये!